सोळानंतर

तुल्लिया : हा डबा टाकायचाच ना, ओरेस्तेकाका? वर आईनंच लिहून ठेवलंय, ‘फेकणे’.

ओरेस्ते : थांब पोरी. बाईंच्या हाताखाली एकतीस वर्षं काढली मी. फेकायचं ते त्या त्याच दिवशी फेकायच्या. आण इकडे. आवाजाचं रीळ दिसतंय.

तुल्लिया : लवकर बघा. दुपारपर्यंत खोली रिकामी करून द्यायचीय.

ओरेस्ते : एक्केचाळीस सिनेमे कापले-जोडले त्यांनी या टेबलावर. अख्ख्या रोममध्ये असं टेबल राहिलं नाही आता, आणि तू मला घड्याळ दाखव. बाई गेल्या तेव्हा रडलीस तरी का गं?

तुल्लिया : नाही. दफन झालं, घरी आले, भाजीला आणलेले आर्टिचोकचे गड्डे सोलत बसले. बाराच्या बारा. मग ते तसेच काळे पडले.

ओरेस्ते : शेवटी ओळखत होत्या का तुला?

तुल्लिया : ओळखायची. पण डोकं गेलं होतं. दवाखान्यात डॉक्टर रोज सकाळी वीसपर्यंत मोजायला लावायचे, रोज चुकायची. मग मला म्हणायची, घरी ने. मी म्हणायचे, उद्या. लहान मुलाला सांगतात तसं.

ओरेस्ते : बाई आणि चुकणार? फिल्मची एक चौकट जास्त राहिली तर माझ्याशी दोन दिवस अबोला धरायच्या.

तुल्लिया : माणसं म्हातारी होतात, काका.

ओरेस्ते : मला सांगतेस? सरक, लावतो.

(रीळ फिरू लागतं.)

आवाज : एक. दोन. तीन. चार. पाच.

तुल्लिया : ही आई.

ओरेस्ते : तेव्हा चित्रीकरणात आवाज कोण घेत होतं? संवाद मागाहून लिहायचे, बोलायचा तिसराच कुणी. तोवर त्या जागेत बाई आकडे म्हणून ठेवायच्या, वाक्य केवढं हवं ते कळायला. डबिंग झालं की हे कचऱ्यात.

तुल्लिया : मग हेच का ठेवलं?

आवाज : तेरा. चौदा. पंधरा. तुल्लिया, कात्री खाली ठेव. सोळा. अठरा. एकोणीस.

ओरेस्ते : हे बघ. म्हणून ठेवलं.

तुल्लिया : चार वर्षांची असेन मी. सतरा राहिला तिचा.

ओरेस्ते : राहिला कसला? आपल्या इटलीत सतरा म्हणजे अपशकुन; तो अभद्र आकडा बाईंनी कधी तोंडातून काढला नाही. सतरावं रीळ नव्हतंच आमच्याकडे, ‘सोळा-ब’ लिहायचो. निर्माते हसायचे. सिनेमा पडला की तेच येऊन विचारायचे, कुठं सतरा लिहिलं नाही ना?

तुल्लिया : मला कधी बोलली नाही.

ओरेस्ते : घरी कशाला मोजत बसतील?

तुल्लिया : दवाखान्यातही तिथंच चुकायची.

ओरेस्ते : कुठं?

तुल्लिया : सोळानंतर. रोज.

ओरेस्ते : बंद करू का, पोरी?

तुल्लिया : नको. मागे घ्या. सोळापासून.