सहा पॅनेलं आणि वीसचा डबा

आज सकाळी अकरा वाजून चाळीस मिनिटं. धरणाच्या पलीकडच्या काठावर, कारवटवाडीच्या औषधखोलीत, भिंतीवरचा एक डबा जळला. जाळ नाही, धूर नाही – नुसता वास. आणि खोलीतला लशींचा फ्रीज गप्प झाला.

पेटीवाले, जरा हात थांबवा. मंडळी, ऐका! ही पुराणातली गोष्ट नाही. आजचीच आहे, अजून गरम आहे. आणि तिच्या पोटात एक प्रश्न आहे. दान मोठं कशानं होतं? देणाऱ्याच्या हातानं, की घेणाऱ्याच्या ओंजळीनं? माना डोलवू नका लगेच! उत्तर कुणालाच आलेलं नाही, नुसत्या माना हलताहेत.

कारवटवाडीला विजेचे खांब नाहीत. जायचं तर लाँचनं. तिथं मालन ढेबे नावाच्या नर्सबाई आहेत. तीन वाड्या, डोंगरातली पायवाट आणि एक फ्रीज – एवढा त्यांचा संसार. फ्रीज चालतो सूर्यावर. छपरावर दोन सोलर पॅनेलं, खाली बॅटरी आणि दोघांच्या मधे भिंतीवर एक डबा. त्याला म्हणतात चार्ज कंट्रोलर. काम काय त्याचं? वरून आलेली वीज बॅटरीला सोसेल अशी द्यायची. घरातल्या सुनेसारखं! सगळं तिच्यातून जातं आणि फोटोत ती कडेला!

हा डबा बसवला यासीनभाई मिस्त्रींनी. आपल्या मंडपाचं लायटिंगही त्यांचंच. ते बघा, तिसऱ्या रांगेत बसलेत. बसवताना त्यांनी बाईंना हिशेब शिकवला. “सिस्टर, पॅनेलच्या पाठीवर आकडा असतो. हे सहा अँपिअरचं. दोन पॅनेलं, बारा. त्यावर पाव हिस्सा जास्त धरायचा – लख्ख ऊन पडलं तर? म्हणजे पंधरा. डबा वीसचा बसवलाय. निवांत राहा.”

बाई दोन वर्षं निवांत राहिल्या. मग गावावर दात्यांची कृपा झाली!

तालुक्याचे ठेकेदार बापूराव सपकाळ मूळचे कारवटवाडीचे. माणूस दिलदार. ते आज इथं नाहीत. असते तर मी इतक्या मोकळेपणानं बोललो नसतो, मीही माणूसच आहे! बापूरावांनी वडिलांच्या स्मरणार्थ एक पॅनेल दिलं. ते बघून दुसऱ्यानं दिलं. मग तिसऱ्यानं, मग चौथ्यानं. दोनाची झाली सहा. आणि नावं कुठं घालायची? अहो, काचेवर! पांढरा ऑइलपेंट, वीतभर अक्षरं, चारी बाजूंनी वेलबुट्टी!

छपरावरचं नाव वाचणार कोण? घारी!

बाईंनी कागद घेतला आणि हिशेब मांडला. सहा सक छत्तीस. पाव हिस्सा नऊ. पंचेचाळीस. म्हणजे डबा हवा पन्नासचा, आणि भिंतीवर आहे वीसचा. त्या बापूरावांना भेटल्या.

“दादा, पॅनेलं पुष्कळ झाली. आता एक मोठा डबा द्या.”

“कसला डबा?”

“कंट्रोलर. भिंतीवर असतो तो.”

बापूराव खोलीत आले. चष्मा वर केला, खाली केला. “हा? सिस्टर, ह्याच्यावर आमच्या आबांचं नाव मावायचं कुठं? आणि खोलीत अंधार. लोकांना दिसणार काय?”

“लोकांना नाही दिसलं तरी फ्रीजला कळेल की!”

“फ्रीज काय ग्रामसभेला येतो का?”

हसताय? हसा! आता गंमत ऐका. सहा पॅनेलं छपरावर असूनही तो वीसचा डबा जळला नाही. का? रंगामुळं! काचेवर एवढी नावं, एवढी वेलबुट्टी, की ऊन आत शिरेना. डब्यावर आकडा दिसायचा सतरा, फार तर अठरा. चौघांचा मोठेपणा मधे आडवा आला म्हणून डबा वाचला! असं रक्षण मी दुसरं पाहिलेलं नाही.

पण ढग आले की तोच आकडा पाच-सहावर यायचा. पहाटे बॅटरी मान टाकायची. बाई उठून थर्मामीटर बघायच्या. लशींना दोन ते आठ अंश लागतात, नवाला त्या बिघडायला लागतात. शेवटी त्यांनी ग्रामसमितीला अर्ज लिहिला. कलम एक: आधी पन्नासचा डबा बसवावा. कलम दोन: मगच काचेवरचा रंग काढावा.

‘आधी’ आणि ‘मगच’ या दोन शब्दांखाली बाईंनी रेघ मारली होती. समितीनं अर्ज मंजूर केला – एकमतानं! पण कलम एकला दाता मिळेना. कलम दोनला मिळाले चार. कारण ठरलं असं, की काचेवरची नावं काढायची आणि स्टीलच्या चकचकीत पाट्यांवर, छपराच्या कडेला, आणखी मोठी लावायची. पायवाटेवरून दिसतील अशी!

आज सकाळी बाई वरच्या वाडीत गेल्या होत्या. उद्या लसीकरण आहे, अकरा लेकरं. दाराशी उभं राहून एकेका आईला सांगत होत्या, “उद्या दहाला ये गं, चुकवू नकोस.” इकडं छपरावर दोन गडी चढले. रॉकेलचे बोळे, पत्र्याची पट्टी. साडेअकराला सहाच्या सहा काचा आरशासारख्या! आणि वर ऊन कसलं? आजचं. तुम्ही पदर डोक्यावर घेऊन आलात ते.

बाई उतरणीला होत्या तेव्हाच त्यांना वास आला. धावत खोलीत. डब्याचं प्लॅस्टिक ओघळलेलं, बॅटरीकडे जाणारी तार काळी. त्यांनी यासीनभाईंना फोन लावला.

“कशालाही हात लावू नका, सिस्टर. बर्फाची पेटी आहे ना?”

“आहे. लशी हलवल्या तिच्यात.”

“किती दाखवतंय?”

“पाच.”

मग बाईंनी बापूरावांना कळवलं. आणि बापूराव काय म्हणाले? माणूस दिलदार आहे, हे मी आधीच सांगितलंय. म्हणाले, “बंद पडलं? अरेरे! काळजी करू नका सिस्टर, आजच आणखी दोन पॅनेलं पाठवतो!”

मंडळी, आपण तरी वेगळं काय करतो? देवाजवळ जातो आणि मागतो – अजून दे, अजून दे! कधी म्हटलंय, ‘देवा, आधी मला पेलायला शिकव’? या मंडपात अठरा पंखे आहेत. अठरांवर नावं आहेत, मी बसल्या बसल्या वाचली. त्या पंख्यांची वायर कुणी दिली? मेन स्विच कुणाचा? कुणाला ठाऊक आहे? बघा, एकमेकांकडे बघायला लागलात.

पन्नासचा डबा बाजारपेठेत आहे. एकच आहे, मी कीर्तनाला उभा राहण्याआधी चौकशी केली. दुकान सहाला बंद होतं. लाँच साडेसहाला सुटते, आज ती शेवटचीच. त्या लाँचनं यासीनभाई जायला तयार आहेत. डबा कुणीतरी द्यायचाय. नाव लागणार नाही. पाटी नाही, नारळ नाही, मी माईकवरून पुकारणारही नाही. हात वर करा.

…अहो, हात!

मागं खांबाजवळ एक वर गेला होता. टोपी सारखी करून खाली आला.

पाच वाजून दहा मिनिटं झालीत. कारवटवाडीहून आत्ताच निरोप आलाय, पेटीत सात अंश. बापूरावांची दोन पॅनेलं धक्क्यावर पोचलीत, लाँचमध्ये चढवून झालीत. यासीनभाई उठून मंडपाच्या दाराशी गेलेत. चपला घातल्यात. पान्हे-पकडीची पिशवी खांद्यावर आहे. डबा नाही.