ज्या सकाळी मी चिडलो नाही

तुम्ही नेहमी विचारता ना, तुमच्या सुमनवहिनी माझा आरडाओरडा कसा सहन करतात? ऐका मग.

सदाशिव पेठेत खड्ड्यात स्कूटर आदळली आणि मी डोक्यावर पडलो. हेल्मेट होतं म्हणून वाचलो. मेंदूला हादरा बसलाय, असं डॉक्टर म्हणाले. बायकोला, सुमनला, त्यांनी बजावलं, "लक्ष ठेवा. उलटी झाली, गुंगी आली, वागणं वेगळं वाटलं, तर लगेच घेऊन या."

मला वाचायला बंदी होती, म्हणून सकाळी सुमननेच पेपर वाचून दाखवला. शहरातले सगळे खड्डे बुजवलेत, असं महापालिकेचं म्हणणं होतं.

मी म्हणालो, "बरोबर असेल त्यांचं."

सुमनने गॅस बंद केला आणि रिक्षा बोलावली.

"काय होतंय? उलटी? चक्कर?" डॉक्टरांनी विचारलं.

"यांना महापालिकेचं पटलं हो!" म्हणाली आणि रडायलाच लागली.

डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी स्कॅन केला. रक्तस्राव नव्हता. मेंदू दमलाय, विश्रांती द्या, म्हणाले.

आठवड्याने महापालिकेतल्या एका ओळखीच्या साहेबांचा तब्येत विचारायला फोन आला. "तुम्हीच जरा सावकाश चालवायची होती," म्हणे! मी असा कडाडलो की शेजारचे गॅलरीत आले. सुमन स्वयंपाकघरातून धावत आली. मला वाटलं, आता फोन हिसकावून घेणार. पण ती शेजारी बसली, पदराने डोळे पुसले आणि हळूच म्हणाली, "अहो, अजून थोडं बोला ना."