दुसरा टेक

नाही, तो मॅप आधी पर्समध्ये टाक. तळं मी दाखवणार नाही, फोनवरच सांगितलं होतं तुला — तरी आलीस. बस, आता आलीच आहेस तर. यशोधरा ग्रोसरीला गेलीय, आणि बायकोसमोर हा विषय मला नकोच आहे. तर तुमचा फेस्टिव्हल सत्कार करणार — एत्तोरे माल्फान्तीचा! अठ्ठ्याऐंशीचा झाला असेल ना आता? आणि डॉक्युमेंटरीसाठी त्याला परत त्या तळ्यावर उभं राहायचंय, त्याच जागेवर. त्याला नीट दिसत नाही, म्हणून जागा कोण दाखवणार, तर मी, बुद्धभूषण. का? बुद्धभूषणने ठेका घेतलाय?

करिअर हवंय ना त्याचं? लिही. कॅमेरामन म्हणून पन्नास-साठ सिनेमे शूट केले त्याने. स्पेनच्या वाळवंटात काउबॉयचे, बारा-बारा दिवसांत उरकलेले. मग काळे हातमोजे घालणाऱ्या खुन्यांचे. मग प्रेतं उठून चालतात ते. आणि एकावरही स्वतःचं नाव नाही — पाटीवर टेड हॉलोवे! अमेरिकन वाटलं पाहिजे म्हणून. इटलीत तेव्हा असली नावं घ्यायची रीतच होती. हिरवा उजेड हवा, तर बिअरच्या बाटलीची काच लेन्सपुढे धरायची. बायकोचा स्टॉकिंग लेन्सवर ताणायचा, की हिरॉइन दहा वर्षांनी लहान. उजेड मोजायचा मीटर खिशातून काढायचा नाही, नुसता तळहात उजेडात धरून किती उजेड आहे ते सांगायचा. हुशार होता, कोण नाही म्हणतो? पण शेरिलचं नाव आहे का तुमच्या ब्रोशरमध्ये? दाखव. दाखव ना! — बघ. नाही. चकचकीत चाळीस पानं छापलीत, त्यात एका मुलीला एक ओळ नाही. आणि मला म्हणता जुन्या आठवणी सांगा!

शेरिल कोण? — म्हणजे तुला कोणी सांगितलंच नाही. रेजिनाच्या रिंकवर लहान मुलांना स्केटिंग शिकवायची, बावीस वर्षांची. एकोणनव्वदच्या फेब्रुवारीत ही इटालियन मंडळी कॅनडात, सस्कॅचेवानला आली, सायबेरिया म्हणून खपवायला. हिरॉइनला थंडी सोसेना, तेव्हा बर्फावर प्रेत होऊन पडायला शेरिलला घेतलं. मी रेजिनाला युनिव्हर्सिटीत ऑडिओ-व्हिज्युअलला होतो, नागपूरहून येऊन चार वर्षं झालेली — सुट्टी टाकली आणि फोकस पुलर म्हणून लागलो. लेन्सपासून माणसाच्या डोळ्यापर्यंतचं अंतर टेपने मोजायचं आणि टेक चालू असताना रिंग फिरवायची, एवढंच काम.

त्याला उजेड बर्फाच्या खालून हवा होता. वरून नाही, बाजूने नाही — खालून! सीलबंद दिवे भोकं पाडून तळ्यात सोडले. काय दिसत होतं ते, बाई — मुलगी निळ्या उजेडावर तरंगतेय! पण दिवा म्हणजे शेवटी शेगडीच. पाणी तापतं, बर्फ खालून झिजतो, वरून काही दिसत नाही. एवढे सिनेमे केलेल्या माणसाला हे कळायला नको? पहिला टेक झाला, डायरेक्टर खूश, शेरिल उठून ब्लँकेट गुंडाळून बसली — झालं होतं सगळं! तर हा म्हणतो, अजून एक. आणि त्या एकात बर्फ फुटला, शेरिल खाली गेली ती गेलीच. इन्क्वायरीत त्यानेच सांगितलं, दुसरा टेक मी मागितला. सही आहे त्याची, जाऊन वाच. तिथेच संपला तो. नंतर म्हणे फरशांच्या जाहिराती शूट करायचा. बरंच झालं.

मी? मी कॅमेऱ्याशी होतो. मला कळलं नाही का म्हणजे? कसं कळणार? — म्हणजे, गुडघे ओले झाले होते माझे. दुसऱ्या टेकआधी टेप लावायला तिच्यापुढे गुडघे टेकले तेव्हा. बर्फ म्हटलं की ओल असतेच — नसते? हो, उणे अठ्ठावीसमध्ये नसते, बरोबर आहे तुझं. मला वाटलं स्नो पँट फाटली असेल. अकरा फूट चार इंच. मी ओरडलो, अकरा-चार! एकदम खणखणीत. ती हसली माझ्याकडे बघून. म्हणाली, लास्ट वन, राइट? मी म्हटलं, लास्ट वन.

मला कसं माहीत लास्ट वन? — अगं, तेव्हा मॉनिटर नसायचा. फिल्म टोरंटोच्या लॅबला जायची, पाच दिवसांनी परत यायची. तोवर शॉट शार्प आहे की नाही हे एकालाच ठाऊक. टेक संपला की माएस्त्रो — एत्तोरेला सगळे तेच म्हणायचे — बोलायचा नाही, फक्त फोकस पुलरकडे बघायचा. त्याने होकार दिला की पुढचा शॉट. तशी पद्धतच होती. पहिल्या टेकनंतर त्याने बघितलं माझ्याकडे. आणि मला — मला वाटलं, रिंग दोन इंच मागे राहिली. नुसतं वाटलं. पहिलंच मोठं काम, पाच दिवसांनी शॉट धूसर निघाला तर पुन्हा दारात कोण उभं करणार मला? मी मान हलवली. नाही म्हणून.

काय बघतेस? हो, मीच. आणि तो सगळ्यांना ओरडून काय म्हणाला? मला अजून एक हवाय. *मला!* माझं नाव घेतलं नाही — ना तिथे, ना इन्क्वायरीत, ना आजपर्यंत. का नाही घेतलं? मी हात जोडले होते त्याच्यापुढे? कोणी सांगितलं होतं त्याला उपकार करायला? पाच दिवसांनी पहिला टेक लॅबमधून आला — तिच्या पापण्यांवरचे बर्फाचे कण मोजून घ्यावेत. इतका शार्प. तोच सिनेमात आहे. तोच तुमच्या पोस्टरवर आहे.

त्याला तिथे शूटिंग करायचं नाहीये गं, तुला कळत कसं नाही? त्याला ते माझ्या तोंडून ऐकायचंय, तिथे उभं करून, तुझ्या कॅमेऱ्यासमोर. त्याला सांग, बुद्धभूषण भेटला नाही. रेजिनाला गेला म्हण, मेला म्हण, काहीही म्हण —

काय? खाली कुठे? — तुझ्या गाडीत बसलाय तो? इतका वेळ?

थांब. बझर आपलाच आहे का? — उचलू नको. ऋचा, हात लावू नको त्याला. अंधुक दिसतं म्हणालीस ना, मग आमच्या फ्लॅटचं, आठशे सातचं बटण सापडलं कसं त्याला? — परत वाजला. तू मागच्या जिन्याने जा. जा म्हणतो ना! आणि बोलू नको आता. एक शब्द बोलू नको.