सरपंचबाईंचा राजीनामा

नाय, पण तुम्हीच सांगा, यात नानासाहेबांचं काय चुकलं? पोलीस ठाण्यात कागदावर सही झाली, तर त्या कागदाचा फोटो काढून ठेवावा का नाय माणसानं? ठेवावा! उद्या समोरचा फिरला, म्हणला मी असं लिहिलंच नव्हतं, तर पुरावा नको? आता तो फोटो घरच्या ग्रुपवर पडायच्या ऐवजी गावच्या ग्रुपवर पडला, त्याला नानासाहेब काय करतील? दोन्ही ग्रुपला गणपतीचंच चित्र लावलेलं! पण गाव असलं हाय तुम्हाला सांगतो, आजबी कुणी भेटलं की पहिलं हेच, "काय नानासाहेब, आज कुणाचा राजीनामा टाकला?"

थांबा, पहिल्यापासून सांगतो...

नानासाहेब म्हंजी आपले फुलंब्रीच्या पलीकडचे. दोन एकर अद्रक, एक जुनी व्हॅन आन् घरात वच्छलाबाई. आता 'बायको' म्हणायची सोय राहिली नाय, सरपंच हायेत त्या! जागा बायांसाठी सुटली तवा नानासाहेबांनीच हौसेनं फॉर्म भरला, मनात बेत असा की सही तिची, खुर्ची आपली. वच्छलाबाई निवडून आल्या. पहिल्या मीटिंगला नानासाहेब इस्त्रीची कापडं घालून आधीच जाऊन खुर्चीत बसले. वच्छलाबाई दारात आल्या, बघितलं, आन् सगळ्या मेंबरांसमोर म्हणल्या, "ओ, उठा. तिकडं बाकड्यावर बसा. आन् बसायच्या आधी सगळ्यांना चहा सांगा."

उठले! चहा बी सांगितला!

राग आला असंल म्हणता? आला ना. ऑफिसच्या गेटपर्यंत आला. पण गेटाबाहेर पहिला माणूस भेटला त्याला नानासाहेब काय म्हणले असतील? "उठवलं मला! भर मीटिंगीत! काय आवाज लावला राव तिनं, फौजदार झक मारंल!" त्या दिवसापासून हा माणूस घरात बी बायकोला 'सरपंचबाई' म्हणतो. अभिमान, दुसरं काय!

आता गावात शाळा एक, खोल्या दोन, वर्ग पाच. वरच्या वर्गाची पोरं लिंबाखाली. शाळेला जागा हाय, पण जागेत कोण बसलंय? उपसरपंच रामकिसनच्या म्हशी! गोठा घातलेला, पत्रे मारलेले, वरून डिशची छत्री. म्हशींना काय बघायचं असतंय टीव्हीवर कुणास ठाऊक! वच्छलाबाईंनी त्याला नोटीस काढली, गोठा हलव, इथं खोल्या बांधायच्यात. झालं! तवापासून रामकिसनचं एकच भजन, "बाई, राजीनामा द्या." डेअरीवर दूध घालताना राजीनामा, मयताला गेला तरी राजीनामा. त्या शब्दानं वच्छलाबाईंचं डोकं असं उठायचं की घरात कुणी नुसतं 'रा...' म्हणलं तरी त्या लाटणं खाली ठेवायच्या.

आन् नेमकं त्याच दिवसांत जिल्हा परिषदेतून निरोप आला, खोल्यांच्या मंजुरीचं बघू, उद्या बारा वाजता या. निघाले दोघं व्हॅनमधी. नानासाहेब गाडी चालवायला, सरपंचबाई मागच्या सीटवर मधोमध, अंगावर हिमरूची शाल. उन्हाळ्यात! घामाच्या धारा लागल्या, पण शाल काढतील तर शपथ. "गावाची इज्जत हाय," म्हणल्या, "तुम्ही समोर बघा."

नानासाहेब समोरच बघत होते हो! हर्सूलच्या जेलसमोर पुढचा ट्रॅक्टर एकदम थांबला, नानासाहेबांनी ब्रेक मारला, अन् मागून... धाडकन्! व्हॅनचं मागचं दार आत. सरपंचबाई पुढच्या सीटला येऊन टेकल्या. बघतात तर मागं ही मोठी पांढरी गाडी, एमपीचा नंबर. इंदूरचं कुटुंब, अजिंठा बघून वेरूळला निघालेलं. गाडीतून राठौर म्हणून एक जाडजूड माणूस उतरला. माणूस इतका सभ्य, इतका सभ्य, की सरळ हात जोडून सरपंचबाईंपुढं वाकला. "माफ करना माताजी, गलती सोलह आने हमारी है. जो खर्चा होगा हम देंगे. बस, आप तो राजीनामा कर लो. बात खतम."

तुम्हाला सांगतो, ट्रॅक्टरवाला बी वळून बघायला लागला, असं सरपंचबाईंचं तोंड झालं.

"काय म्हणला हा?"

नानासाहेब म्हणले, "काय नाय, काय नाय..."

"मी ऐकलं! ओ भाऊ, तुमको रामकिसननं भेजा क्या?"

"कौन रामकिसन?"

"वा! म्हणं कोण रामकिसन! गावात जमंना म्हणून इंदूरहून माणूस मागवला मेल्यानं! ऐको, टक्कर तुम मारेगा, और राजीनामा हम देगा?"

राठौर बिचारा घाबरला. "नहीं माताजी, अकेले आप क्यों? हम दोनों मिलके देंगे ना!"

"दोघं मिळून? तुम कायका सरपंच है?"

आता हसू नका! सांगा, नानासाहेबांनी मधी पडावं का नाय? पडले. "अहो सरपंचबाई, तो बघा काय म्हणतोय..." तर त्यांच्याकडं अशी नजर टाकली की ते परत जाऊन स्टिअरिंगवर बसले. गाडी बंद, तरी हात स्टिअरिंगवर!

मागं जळगाव रोडला ही रांग! हॉर्न! एक रिक्षावाला ओरडतोय, "ओ खाला, दे दो ना जो मांगरे वो, मेरेकू भाडा हय!" खाला म्हंजी मावशी, आन् ही मावशी कशाची देतीय? तेवढ्यात पोलीस आले, दोन्ही गाड्या बाजूला घेतल्या, समदी वरात ठाण्यात.

ठाण्यात फौजदार म्हणून मोनिका मॅडम. पोरगीच, पण डोकं थंड. म्हणल्या, "बसा. कुणाची तक्रार हाय?"

राठौर म्हणला, "किसी की नहीं मैडम. बस माताजी से राजीनामा लिखवा दीजिए."

मोनिका मॅडमनी पेन खाली ठेवलं. "राजीनामा? कशाचा?"

"बघा!" सरपंचबाई उठल्या. शाल सावरली. आन् मंग तुम्हाला सांगतो, ते जे काय बोलल्या... ठाण्यातला वायरलेस बी गप झाला! "मॅडम, मी वच्छलाबाई. दीडशे मतांनी आलीय. मला पोरांच्या शाळेला खोल्या पायजेत म्हणून मी आज इथं घामानं भिजलीय. माझ्या गावातला एक माणूस तीन महिने झालं राजीनामा मागतोय, त्याला दिला नाय. आता ह्यो परमुलखातला मागतोय. माझा राजीनामा घ्यायचा तर पंचायत समितीच्या सभापतीनं घ्यावा, मागायचा तर गावानं मागावा. गाडीचं दार फुटलं म्हणून मी खुर्ची सोडू? गाडी काय, गाडीतला ड्रायव्हर फुटला असता तरी सोडली नसती!"

ड्रायव्हर म्हंजी कोण? नानासाहेब! बाकड्यावर बसलेले. शेजारच्या हवालदारानं कोपर मारलं, "कोण हो ह्या?" तर नानासाहेब छाती काढून म्हणतात, "आमच्या सरपंच हायेत!" स्वतः फुटल्याचं दुःख नाय माणसाला!

राठौरची बायको रडकुंडीला आली. "भैनजी, इत्ती सी बात है! हमारे उधर तो थाने में रोज राजीनामे होते हैं."

"रोज?" सरपंचबाई म्हणल्या, "मंग तुमच्याकडं सरपंच उरतंय का कुणी?"

शेवटी मोनिका मॅडमनी राठौरपुढं कोरा कागद सरकवला. "तुम्हाला जे पायजे ते लिहा. बघू तर द्या." त्यानं लिहिलं. वर मोठ्या अक्षरात मथळा, 'राजीनामा'. मॅडमनी मोठ्यानं वाचलं, "हम दोनों पक्ष अपनी मर्जी से राजी हैं, गाड़ी का खर्चा राठौर देंगे, किसी को किसी से कोई शिकायत नहीं..." आन् मॅडम वाचता वाचता थांबल्या, हसू दाबत म्हणल्या, "अहो बाई, समझोता मागतायत ते! आपसातली तडजोड!"

"और क्या!" राठौर म्हणला. "आप क्या समझे?"

"आमच्याकडं राजीनामा म्हंजी पद सोडणं."

"अरे! वो तो इस्तीफा!" राठौरनं कपाळावर हात मारला. "माताजी, आपसे इस्तीफा कौन माँग रिया है! हम तो बोल रिये हैं, राजी हो जाओ!"

ठाण्यात हशा! हवालदार हसतोय, राठौरीण हसतीय, नानासाहेब तर भिंतीला धरून. फक्त एक माणूस हसला नाय. सरपंचबाई. त्या विचारात पडल्या. म्हणल्या, "राजी म्हंजी खुशी. दोघं खुशीनं कागद करतात, तो राजीनामा. त्यांचं बराबर हाय. पण मॅडम, आपल्याकडं खुर्ची सोडताना कोण खुशीत असतंय? त्याला राजीनामा कुणी म्हणलं?"

मोनिका मॅडमनी पेन पुढं केलं. तुमच्याकडं हाय उत्तर?

मंग सरपंचबाईंनी सही केली. नुसती सही नाय, पर्समधून शिक्का काढून ठोकला, 'सरपंच'. आन् इथं, हां, इथंच, नानासाहेबांनी फोटो काढला. मोबाइलवर काय दिसतंय? वर 'राजीनामा', खाली सही, त्याखाली शिक्का! मधलं बारीक हिंदी कोण वाचतंय? फोटो गेला गावच्या ग्रुपवर. आन् नानासाहेबांनी खाली काय लिहिलं असंल? 'शेवटी झाला एकदाचा!' माणसाला हायसं वाटल्यावर लिहितो का नाय असं? काय चुकलं?

व्हॅन राहिली ठाण्यात. राठौर म्हणला, "हमारी गाड़ी में चलिए." राठौरच्या एसीत बसून सरपंचबाई औरंगपुऱ्यात जिल्हा परिषदेला पोचल्या, शालीला पहिल्यांदा न्याय मिळाला. वर गेल्या तर साहेब फाइल बंद करून बसलेले. "बाई, तुम्ही कशाला आल्या? आत्ताच उपसरपंचाचा फोन आलता. तुम्ही राजीनामा दिला म्हणं. फोटो बी पाठवला. आता मंजुरी नव्या सरपंचाच्या वेळी बघू."

सरपंचबाई हळूच नानासाहेबांकडं वळल्या.

नानासाहेब छताच्या पंख्याची पाती मोजत होते.

तिथं दुसरी कुणी बाई रडली असती, कुणी नवऱ्यावर तिथंच तुटून पडली असती. वच्छलाबाईंनी पर्समधून कागद काढला, साहेबांच्या टेबलावर ठेवला, बोट लावून म्हणल्या, "साहेब, आधी वाचा. सगळं वाचा. मी वाचल्याबिगर सही करत नाय, तुम्ही वाचल्याबिगर फाइल बंद करू नका." साहेबांनी वाचलं. परत वाचलं. खालून राठौरला बोलावलं. राठौर जिना चढून धापा टाकत आला न् दारातूनच, "साब, माताजी ने कोई इस्तीफा-विस्तीफा नहीं दिया! हम गवाह हैं!" साहेब असे हसले की शिपाई पाणी घेऊन पळत आला. चष्मा पुसला, फाइल उघडली, दोन खोल्यांच्या मंजुरीवर सही केली. वर म्हणले, "बाई, एवढं भांडून राजीनामा न देणारं माणूस मी पहिल्यांदा बघितलं."

नानासाहेबांचे डोळे भरून आले, खरंच सांगतो. पण पुसले नाय. ती आपल्याकडं बघंल अशी धास्ती!

दिवस मावळायला राठौरच्याच गाडीनं गावात शिरले, तर वेशीपाशी काय? फटाक्याच्या लडी! डीजे! रामकिसन गुलालात लाल, गळ्यात हार, हातात पेढ्याचं ताट, सगळ्या गावाला वाटतोय. इंदूरची गाडी थांबली, दार उघडलं, वच्छलाबाई उतरल्या. डीजे आपोआप बंद! रामकिसनच्या हातातला पेढा तोंडापाशी तसाच.

सगळ्यांना वाटलं, आता पेटलं! तर सरपंचबाई हसल्या. पुढं गेल्या. "रामकिसन, लई मोठं मन तुझं. शाळेच्या खोल्या मंजूर झाल्याचं तुला आधीच कसं कळलं रे?" आन् त्याच्या हातातला पेढा घेऊन स्वतः खाल्ला! आता काय करतो? सगळं गाव टाळ्या वाजवतंय, लिंबाखालची पोरं नाचतायत, अन् डीजेचे पैसे रामकिसनचे!

मंग हळूच त्याला बाजूला घेतलं. नानासाहेबांनी ऐकलं ते, शेजारीच होते. "हे बघ, तुझ्या म्हशी उपाशी ठेवायच्या नायत मला. गावठाणात विहिरीकडची जागा गोठ्याला देऊ, मीटिंगीत ठराव घेते. तू शाळेची मोकळी कर. मंजूर असंल तर आपण दोघं राजीनामा करू."

रामकिसन म्हणला, "दोघं? म्हंजी मी बी?"

"तू बी. तिकडं इंदूरला असाच करतात."

त्याला समजून सांगायला राठौर होताच. भर वेशीत, गाडीच्या बॉनेटवर कागद ठेवून राजीनामा झाला. दोन सह्या, एक शिक्का. राठौरची बायको म्हणली, "देखा, मैं बोली थी ना, रोज होते हैं!" त्या रात्री इंदूरचं कुटुंब नानासाहेबांकडंच जेवलं, वेरूळ दुसऱ्या दिवशी बघितलं. आज खोल्यांच्या भिंती छातीएवढ्या आल्यात. आन् गावात आता बांधावरून भांडण लागलं की लोक वकिलाकडं जात नायत, सरपंचबाईंकडं येतात, म्हणतात, "बाई, आमचा राजीनामा करून द्या." बाहेरगावचा माणूस ऐकून चक्रावतो!

सगळ्यांचं भलं झालं, पण नानासाहेबांचा मोबाइल? जप्त! ग्रुपमधून काढलं! व्हॅनचं दार बसवायला, पाहुण्यांना सोडायला, शिक्का विसरला की परत घरी पळायला, सगळ्याला हेच. परवा मातर वैतागले. अंगणात उभं राहून मोठ्यानं म्हणले, "बास झालं! ड्रायव्हर मी, शिपाई मी, वर चूक बी माझीच! सरपंचबाई, मी आजपासून राजीनामा देतो!"

आतून भाकरी थापायचा आवाज थांबला. शांतपणे विचारलं, "कोणता? इथला का इंदूरचा?"

आता सांगा, माणसानं काय म्हणावं? नानासाहेबांनी चप्पल पायात सरकवली, व्हॅनची किल्ली उचलली...

"इंदूरचाच," म्हणले. "बाहेर या, मीटिंगीला उशीर होतोय तुम्हाला."