पनामाचं तीर्थ

चहा घ्या, पण हसताना सांडू नका. मुलाने आम्हां दोघांना क्रूझने पनामा कालवा दाखवायचं ठरवलं, तेव्हा लंडनजवळच्या मेडनहेडच्या विहीणबाईंनी माझ्या हातात रिकामी बाटली दिली. "तात्या, दोन महासागरांच्या संगमाचं पाणी आणा हं. आमच्या नव्या घराच्या वास्तुशांतीला कलशात घालायचंय."

मी पठ्ठ्या डेकवर उभा राहून पुलांचे फोटो काढत बसलो आणि बाटली कोरडीच वॉटफर्डला आमच्या घरी आली. आठवलं कधी? तर वास्तुशांतीच्या सकाळी! मग काय, किचनचा नळ सोडला आणि हाताला लागेल त्या चमच्याने दोन चमचे मीठ ढवळलं. समुद्र खारट असतो एवढं सातवी नापासलाही कळतं.

पूजेला विहीणबाईंनी तळहातावर थोडं घेतलं, प्यायल्या आणि डोळे मिटले. "अगदी खारट!"

आमचे व्याही भूगोलाचे रिटायर मास्तर. "खारट कसं? त्या कालव्याच्या मधे पावसाच्या पाण्याचा तलाव आहे. पाणी गोडं असतं."

भटजींसकट सगळे माझ्याकडे बघायला लागले.

"अहो मास्तर," मी म्हणालो, "मी शेवटच्या मोठ्या पुलाखाली भरलं. तिथे समुद्रच लागतो की!"

मास्तरांनी मान डोलावली. "हां, ते मात्र बरोबर."

मी मिशीत हसतोय, तोवर विहीणबाईंनी बाटली खिडकीच्या उजेडात धरली.

"तात्या, मग त्या पुलावरून फोडणी कुणी घातली? आत जिरं तरंगतंय!"