तुझ्याकडं किती वाजलं?

"लय सीरियस हाय, निघून ये." फोनवर असंच सांगायचं असतं व्हय, दादा? आण्णा गेले तर गेले म्हणायचं. तू थोरला भाऊ हायस म्हणून गप बसणार नाही मी. सगळ्यांच्या देखत विचारतोय.

मंडळी, कामं टाकून तुम्ही माझ्या वडिलांच्या, आण्णांच्या शोकसभेला आलात. मला बोलायची सवय नाही. शाळा सातवीतच सुटली. तिकडं आसामात गलाईच्या दुकानात सोनं वितळवतो, भट्टीपुढं कोण बोलतंय?

आण्णांचा रोज फोन. पहिला सवाल ठरलेला.

"तुझ्याकडं किती वाजलं रं?"

"तुमच्याएवढंच, आण्णा. पाच."

"मग अंधार कसा? हितं ऊन हाय की."

"आवं, देश एक, घड्याळ एक."

"घड्याळाचं मला सांगू नको. तुझा दिवस येगळा हाय, लेका."

मी हसायचो. दुकानातल्या पोरांना सांगायचो, म्हातारा येडा झालाय.

आता सांगा, येडा कोण? तुम्ही इथं माती देऊन आंघोळी करत होता, तवा मी आसामातनं येणाऱ्या गाडीत बिर्याणी खात होतो. पत्ते खेळत होतो. मनात आण्णांशी भांडत होतो, गोळ्या का घेत नाही म्हणून. म्हंजे ते होते. माझ्याकडं होते. वडूजच्या स्टँडवर दादानं हातातली पिशवी घेतली आन म्हणाला, "आण्णा परवाच गेले."

परवा? मग काल मी कुणाशी भांडत होतो?

मला कळत न्हाई. तुम्हाला कळत असंल तर सांगा. माणूस जातो कवा? जातो तवा, का आपल्याला कळतं तवा?

दादा म्हणतो, खरं सांगितलं असतं तर एवढा प्रवास तुला एकट्याला झेपला नसता. त्याचं बी खरं असंल. तुमच्यापेक्षा दोन दिवस जास्त आण्णा मला मिळाले, ते त्याच्यामुळंच. आता त्याला शिव्या द्यायच्या का पाया पडायचं?

चला, आण्णांसाठी उभं राहू. दोन मिनिटं म्हणतात, पण घड्याळ कुणी बघू नका. ज्याचं त्याला वाटंल तवा बसा.

त्याआधी दादा, एक. गाडीतनं मी फोनवरनं आण्णांच्या औषधाला धाडलेले पैसे तू परत पाठवलेस. "लागले नाहीत" म्हणालास. मी धाडले तवा आण्णा माझ्याकडं जित्ते होते. ते पैसे मी घेणार न्हाई. पुन्हा पाठवतोय, औषधालाच. तीन हजार.