सत्ताविसावी सही

—म्हणजे नव्वद टक्के. अजून नव्वदच? सेहेचाळीस वर्षं झाली मॅडम, माणसं मेली, मासे संपले, तुमचा आकडा काही हलला नाही! बसा, बसा हो, मी चिडलोय असं नका समजू, माझा आवाजच तसला आहे, तीस वर्षं पोरांवर ओरडून झालाय. चहात डब्यातलं दूध चालेल ना? दुसरं मिळत नाही, दुकान मागच्या वर्षीच बंद झालं. ब्रेड आहे, काकवी लावून देतो — नको? राहू दे. शेजारच्या लोरेननं पाठवलाय, तिचे हात अजून चालतात, मूत्रपिंडं तेवढी गेली. तर आमच्या या साऊथ आर्म गावात घरं उरली तीस, गाव उठवायला सह्या पाहिजेत सत्तावीस, सव्वीस झाल्या, आणि सत्ताविसावी माझी — असंच ना? बाकीच्या तिघांनी तुम्हाला दारातनंच वाटेला लावलं असणार. आणि सगळ्यांनी सांगितलं असणार, मास्तरकडे जा, शिकलेला माणूस आहे, त्याला पटेल. टोबिन म्हणालात ना? कुठले टोबिन? कुणाच्या तुम्ही? — काय सांगता! म्हणजे आजोबा आमच्या बेटावरचे! म्हणजे तूही उचलून आणलेल्यांच्यातलीच की गं. मग आता मॅडमबिडम राहू दे. सेंट जॉन्सला ऑफिसात असशील मॅडम, इथे माझ्या स्वयंपाकघरात तू त्या टोबिनची नात.

तुझा कागद वाचला मी. रात्री नाही, सकाळीच, चष्मा लावून, दोनदा. माणसाकडे सोयी न्यायच्या नाहीत, सोयींकडे माणूस न्यायचा — छान लिहिलंय. कोण लिहितं गं हे तुमच्याकडे? नाही, थट्टा नाही करत. मला ओळखीचं वाटलं म्हणून विचारलं. अगदी हेच तेव्हाच्या सरकारी कार्माइकल साहेबानं माझ्या फळ्यावर काढून दाखवलं होतं. मी तेव्हा हेरिंग बेटावर शाळेत होतो, अठ्ठावीस वर्षांचा, एक खोली, अकरा पोरं, एक शेगडी. साहेब टपालाच्या बोटीतनं उतरला, बुटांत पाणी, पण गडी उत्साही. खडू घेतला, मोठं वर्तुळ काढलं — हे विकासकेंद्र. भोवती बारीक ठिपके — हे तुम्ही. म्हणाला, माणसं, यंत्रं, भांडवल एका जागी आलं की वाढ आपोआप धरते, एक कारखाना दुसऱ्याला ओढतो, दुसरा तिसऱ्याला, आणि मग ती वाढ बाहेर पसरत जाते. बाहेर म्हणजे कुठे, हे मी विचारलं नाही. कारण बोलता बोलता त्यानं डस्टर घेतलं आणि ठिपके पुसून टाकले होते. बाहेर उरलंच काय होतं? पण तेव्हा नाही सुचलं. तेव्हा मला नुसता रस्ता दिसत होता, प्रयोगशाळा दिसत होती, माझी अकरा पोरं काचेच्या नळ्या हातात घेऊन उभी दिसत होती. ते वर्तुळ मी महिनाभर पुसलं नाही. गणितं खालच्या कोपऱ्यात सोडवली.

आणि कारखाना झाला हां, नाही कसा! खोटं का बोलू? इथे साऊथ आर्मला मासळीचा कारखाना, भोंगा, शंभर माणसांना काम. फक्त आले नऊ बेटांवरचे चारशे. आणि इथल्या पाण्यात जाळी टाकायच्या जागा इथल्यांनी कधीच वाटून घेतलेल्या, बापजाद्यांपासनं. मग आमचे लोक काय करायचे ठाऊक आहे? उन्हाळा आला की बोटी घेऊन परत जायचे — बेटावर! ज्या बेटावर राहून भागत नाही असं आम्ही लिहून दिलं होतं, तिथेच झोपड्या बांधून मासे धरायचे आणि सप्टेंबरात विकास व्हायला परत इकडे. हस, हस, आम्हीही हसायचो. मग कॉड मासा संपला, सरकारनं मासेमारी बंद केली, कारखान्याला कुलूप. मग दुसरा साहेब आला — आता वाढ माणसाच्या डोक्यात असते म्हणाला, शिकवा यांना. तीस कोळ्यांना केस कापायला शिकवलं! एका गावात तीस हजाम! वर्षभर एकमेकांचेच केस कापत बसले, एवढं नीटनेटकं गाव तू जन्मात बघितलं नसशील. मग तिसरा आला, म्हणाला, देवमासे बघायला पाहुणे येतील. आले ना. दोघं आले होते. नवरा-बायको. पाऊस होता.

ती पुस्तकं? ती माझीच. टपालानं मागवलेली. एकेका हिवाळ्यात एकेक. वाढीच्या पायऱ्या, विमानासारखं धावायचं आणि उडायचं, मग बचत, मग भांडवल, मग शिक्षण, मग कायदेकानू — सगळं वाचलंय मी, समासात लिहून वाचलंय. पेन्शनर माणसाला कशाला पाहिजे म्हणशील. मला शोधायचं होतं. चूक नक्की कुठे झाली ते शोधायचं होतं. म्हणजे बघ — सिद्धांतच चुकला असेल, तर मी काय करणार? मास्तर माणूस, वर छापलेलं खाली शिकवणार. आणि सिद्धांत बरोबर निघाला असता, इथे खरंच काही उगवलं असतं, तर मग… तर मग थोडं इकडेतिकडे केलेलं माफ असतं ना? मोठ्या कामात होतं तेवढं. पण चाळीस हिवाळे वाचूनही कळत नाही गं. प्रत्येक पुस्तक आधीच्याला चूक म्हणतं, आणि प्रत्येक पुस्तक बरोबर वाटतं. तुझा कागदसुद्धा बरोबर आहे. रस्त्यावरचा बर्फ कुणी किती वर्षं काढायचा तीस घरांसाठी? लोरेनला आठवड्यातनं तीनदा दोन-दोन तास गाडीत घालून नेतात, दवाखान्याच्या जवळ गेली तर जगेल चार वर्षं. बरोबरच आहे. दर वेळी बरोबरच असतं.

इकडेतिकडे म्हणजे काय? — तू ऐकून घेतेस गं सगळं. काही नाही. म्हटलं ना, बोलायची पद्धत.

…तुमच्या ऑफिसात जुने कागद आहेत का? हेरिंग बेटाचे? पाहिलेस? मग बघितलंच असशील. वीस सह्या. बावीस घरांत वीस पाहिजे होत्या. एकोणीस जणांनी नावं लिहिलीत, वाकडीतिकडी का होईना, आणि विसावी जागा — फुली. हो, शेजारी साक्षीदार म्हणून माझं नाव. क्लेमेंट व्हिफन, शिक्षक. ब्राइड हेपडिचची ती फुली. विधवा बाई. नवरा आणि मुलगा एकाच बोटीत गेले. मुलगा सापडला, बेटावरच पुरला. नवरा नाही सापडला. ती म्हणायची, मी कशी येऊ मास्तर, तो वर आला तर इथेच येणार, त्याला दुसरी जागा कुठे ठाऊक आहे? यावर कुठलं पुस्तक काय सांगणार? मी महिनाभर समजावलं. उरलेले दोघं तर बधणारेच नव्हते, सगळं तिच्यावर अडलं होतं, आणि साहेबाची बोट गुरुवारी येणार. तिला वाचता येत नव्हतं. बेटावर निम्म्यांना येत नव्हतं. कागद आला की माझ्याकडे यायचा — मुलाचं पत्र, सरकारचं पत्र, औषधाची बाटली — मी वाचीन ते खरं. कधी कुणी विचारलं नाही, असंच आहे का म्हणून. बुधवारी मी तिच्याकडे गेलो. म्हटलं, ब्राइडबाई, बेटावर नर्स यावी म्हणून अर्ज आहे. तिनं हात पुसले आणि फुली मारली. मला म्हणाली, देव भलं करो मास्तर, पोरांसाठी किती धावता.

झालं. सांगितलं. कुणाला नव्हतं सांगितलं.

ऑगस्टात उधाणाच्या भरतीला लाकडी घरं अख्खीच्या अख्खी इकडे ओढली. खाली रिकामी पिंपं बांधायची, सहा मोटारबोटी पुढे, आणि घर चाललं पाण्यावरनं — कपाटात बश्या तशाच, खिडक्यांना पडदे तसेच. सतरा घरं आली, एक कप फुटला नाही. ब्राइडला कळलं पिंपं बांधताना. माझ्याकडे नुसती बघत म्हणाली, तो कागद तुम्हीच वाचला होतात ना मास्तर? एवढंच. राहिली असती तर कुणाच्या जोरावर? दुकान, शाळा, टपाल, सगळं उठलं होतं. ती माझ्या बोटीत बसली. खाडीच्या मध्यावर तिच्या घराचं एक पिंप सुटलं. घर आधी कललं, मग खिडकीपर्यंत पाणी आलं, पडदा बाहेर तरंगला, मग छप्पर, मग काही नाही. मी दोर कापला, नाहीतर बोटी गेल्या असत्या. ती म्हणाली, किटली आत राहिली.

अकरा वर्षं ती या घरात राहिली, त्या मागच्या खोलीत. माझ्या बायकोनं केलं तिचं सगळं, पण बायकोलाही ठाऊक नव्हतं. रोज संध्याकाळी ब्राइड इथे येऊन बसायची आणि म्हणायची, वाचा मास्तर, वर्तमानपत्र. मी वाचायचो. हवामान, भाव, कुणाचं लग्न. आणि प्रत्येक बातमी संपली की विचारायची — असंच लिहिलंय ना? रागानं नाही गं. अगदी सहज. पाऊस पडेल — असंच लिहिलंय ना? अकरा वर्षं. गेली त्या दिवशीसुद्धा.

काय? नको, मला वेळ नको विचार करायला. उद्या येऊ नकोस. पेन दे. थांब, आधी वाचून दाखव. हो, वाचलाय मी, तरी तू वाच. मोठ्यानं. सगळा. ...हं. ...रस्त्याचं काम बंद, वीज बंद, परत येऊन राहता येणार नाही. हं. असंच लिहिलंय ना?

असंच लिहिलंय ना, पोरी?

बरं. ही घे. अगं, येतं मला नाव लिहायला, चांगलं वळणदार येतं, तीस वर्षं वळण शिकवलंय. फुलीच असू दे. चालते, मला ठाऊक आहे चालते. आता इथे, शेजारी, साक्षीदार — तुझं नाव घाल. पूर्ण नाव. वाचता येईल असं.

झालं ना सत्तावीस? जा आता. दार नीट ओढून घे, वारा आत येतो.